एका गळ्याचा संसार

आमच्या गावी एक भजनी बुवा होते. अखंड हरिनाम सप्ताह जवळ आला, की त्यांच्या घरात फोडणी बंद होत असे. मिरचीचा ठसका बुवांच्या घशाला लागेल, ही भीती. मग आठ दिवस पोरांनी बिनफोडणीचे वरण खायचे, मोठ्याने बोलायचे नाही, आणि बुवा दुपारी आडवे झाले की अंगणात विटीदांडूसुद्धा खेळायची नाही. ज्येष्ठमधाची कांडी, खडीसाखर, मिठाच्या कोमट पाण्याचा तांब्या, हे सारे बुवांच्या उशाशी वेळच्या वेळी ठेवणे हे काकूंचे काम. काल्यापर्यंत आवाज टिकला म्हणजे गाव बुवांना नारळ देई, धोतरजोडी देई. काकूंना कोणी काही दिल्याचे मला आठवत नाही. त्यांनी बुवांचे भजन कधी पुरते ऐकले होते की नाही, देव जाणे. त्या वेळी त्या चुलीपाशी असायच्या.

आज ज्या बाईची हकिगत तुम्हाला सांगणार आहे, तिच्या घरी चूल नव्हती. न्यूयॉर्क शहरातल्या मोठ्या हॉटेलात तिचा संसार होता, हाताखाली नोकर होते. पण ते घरही असेच एका गळ्याभोवती फिरत होते. तो गळा एन्रिको कारुसो याचा, आणि ती बाई म्हणजे त्याची बायको डोरोथी.

ऑपेरा म्हणजे काय, ते आधी दोन शब्दांत सांगतो. आपल्याकडचे संगीत नाटक तुम्ही पाहिले असेल. त्यात पात्रे बोलतात आणि मधूनमधून पद म्हणतात. ऑपेरात बहुतेक सारे बोलणेच गाण्यातून चालते. पुढे वादकांचा मोठा ताफा, भोवती अफाट थिएटर, आणि ध्वनिक्षेपक नाही! न्यूयॉर्कच्या जुन्या मेट्रोपोलिटन ऑपेरा हाउसमध्ये साडेतीन हजारांच्या आसपास माणसे बसत. शेवटच्या गॅलरीतल्या माणसापर्यंत सूर पोचवायचा, तोही सगळ्या वाद्यांच्या डोक्यावरून. हे काम नुसत्या गोड गळ्याचे नव्हे. त्याला पहिलवानाची छाती लागते.

कारुसोला ती होती. १८७३ साली इटलीतल्या नेपल्स शहरी एका गरीब कारागिराच्या घरी तो जन्मला. १९०३ साली त्याने मेट्रोपोलिटनच्या रंगभूमीवर पहिले पाऊल ठेवले, आणि पुढच्या सतरा वर्षांत तिच्यासाठी तो आठशेहून अधिक वेळा गायला. पण त्याचे नाव जगभर नेले ते ग्रामोफोनने. १९०२ च्या एप्रिलमध्ये मिलान शहरातल्या एका हॉटेलच्या खोलीत फ्रेड गेसबर्ग नावाच्या माणसाने त्याची दहा गाणी मुद्रित केली. हाच गेसबर्ग त्याच वर्षाच्या अखेरीस कलकत्त्याला आला आणि त्याने गौहरजानचे गाणे तबकडीवर उतरवले. म्हणजे कारुसोच्या त्या तबकड्या आणि आपल्या देशातल्या अगदी सुरुवातीच्या तबकड्या एकाच हाताच्या. तुमच्यापैकी कोणाच्या आजोबांच्या माळ्यावर चावीचा ग्रामोफोन पडला असेल, तर त्याचे हे लांबचे भावंड समजा.

आता डोरोथीकडे येतो. तिचे वडील न्यूयॉर्कमधले मोठे वकील, पेटंटच्या कायद्याचे जाणकार. मुलीने पंचेचाळीस वर्षांच्या, परदेशी, नाटकात गाणाऱ्या माणसाशी लग्न करावे, हे त्यांना मानवले नाही. शिवाय कारुसोला आधीच्या संबंधातून दोन मुलगे होते. त्या मुलांची आई, स्वतः गायिका, १९०८ मध्ये त्याला सोडून गेली होती. डोरोथीने ऐकले नाही. २० ऑगस्ट १९१८ रोजी तिने लग्न केले. त्या वेळी ती पंचवीस वर्षांची होती. वडिलांनी तिला वारशातून वगळले. वकिलाचा राग तो, कागदावर उतरल्याशिवाय कसा राहील?

पुढे १९४५ मध्ये डोरोथीने नवऱ्यावर एक पुस्तक लिहिले. मी आज सांगतो आहे, त्यातले पुष्कळसे तिनेच त्यात नोंदून ठेवले आहे. गायकाबद्दल गायनाच्या जाणकारांनी लिहिलेली पुस्तके ढीगभर मिळतात. हे पुस्तक वेगळे वाटते, कारण डोरोथी काही गाण्यातली जाणकार नव्हती. तिने गाण्याच्या भोवतालचे पाहिले.

सकाळी तो उठला की स्नान. न्हाणीघराचे दार उघडे, आणि पलीकडे पियानोवर साथीदार त्या दिवशीचे गाणे वाजवतो आहे. मग गळ्याला वाफ देणे. मग आरसा घेऊन आपल्याच घशात डोकावून पाहणे! स्वरतंतू लाल दिसले तर घरात सगळ्यांचा चेहरा उतरणार. खेळाच्या रात्री थिएटरात जाण्यापूर्वी आणि नंतर मिठाच्या पाण्याच्या गुळण्या. पोशाखाच्या खिशातसुद्धा मिठाच्या कोमट पाण्याच्या लहान बाटल्या, रंगभूमीवर असताना घसा कोरडा पडला तर पाठ फिरवून घोट घेता यावा म्हणून. म्हणजे पाहा, आमच्या बुवांचा तांब्या आणि कारुसोची बाटली, दोहोंत मीठ तेवढेच.

आणि गंमत अशी, की एवढा जपलेला गळा, पण हातातली सिगारेट सुटत नसे. एकामागून एक चालूच. बायको काय करणार? हे कोडे ज्या घरात असा नवरा आहे, त्या घरातल्या बाईला मी वेगळे समजावून सांगायला नको.

एक समजूत आपण उगाच करून घेतो, की जो एवढा गातो त्याला भीती ती कसली. कारुसोला दर खेळाआधी भीती वाटे, आणि नाव वाढले तशी तीही वाढत गेली. नवशिका चुकला तर लोक सांभाळून घेतात. कारुसो चुकला तर दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात मथळा. रंगभूमीवर पाय ठेवीपर्यंत ही भीती बघणारी माणसे दोन-चारच, आणि त्यांतली एक डोरोथी. पडदा वर गेला की साडेतीन हजार माणसांना दिसे तो राजा.

घरी तो प्रेमळ होता, हौशी होता. व्यंगचित्रे फार सुरेख काढी. न्यूयॉर्कमधल्या एका इटालियन साप्ताहिकात ती छापून येत. मत्सरीही होता. बायकोने चांगले लठ्ठ व्हावे, म्हणजे दुसरे कोणी तिच्याकडे बघणार नाही, असे तो तिला सांगे. यावर आपण हसतो. पण पंचवीस वर्षांच्या मुलीने माहेर तोडून यायचे आणि पाहुणेरावळे, सभासमारंभ यांपासूनही दूर राहायचे, यातला एकटेपणा मला हसण्यासारखा वाटत नाही. १९१९ च्या उन्हाळ्यात तो तिला इटलीत फ्लॉरेन्सजवळच्या आपल्या बंगल्यात घेऊन गेला, तर तिथे त्याचा नातलगांचा गोतावळा. भाषा परकी, माणसे परकी. सासर ते सासर, बंगल्यात असले म्हणून काय झाले!

मग तो दौऱ्यावर जाई आणि पत्रे सुरू होत. त्याला इंग्रजी बेताचेच येई, आणि डोरोथीला तो इंग्रजीतच लिही. तिला तो 'डोरो' म्हणे. १९१९ च्या ऑक्टोबरात मेक्सिको शहरी बैलांच्या झुंजीच्या उघड्या आखाड्यात तो 'कारमेन' या ऑपेरात गायला, आणि ऐन खेळात पाऊस कोसळला. लोक छत्र्या उघडून बसून राहिले, हालले नाहीत. इकडे न्यूयॉर्कमध्ये डोरोथी गरोदर. डिसेंबरात तिला मुलगी झाली, तिचे नाव ग्लोरिया. या काळातली आणि पुढच्या वर्षीची पत्रे तिने पुस्तकात दिली आहेत, आणि त्यांतल्या चुका दुरुस्त केलेल्या नाहीत. मी धंद्याने मास्तर. चुकलेले वाक्य दिसले की हात लाल पेन्सिलीकडे जातो. ही पत्रे वाचताना मात्र तो गेला नाही. क्रियापद एकीकडे, कर्ता दुसरीकडे, पण लिहिणाऱ्याला काय म्हणायचे आहे याविषयी शंका राहत नाही.

१९२० चे वर्ष वाईट उजाडले. जूनमध्ये तो क्यूबा देशात हवाना शहरी गात होता. एका खेळाचे दहा हजार डॉलर मिळत होते, तरी तिकिटाचे भाव ऐकून लोक चिडलेले. १३ जूनला 'आइदा' चालू असताना थिएटरात बाँब फुटला. तो बचावला. त्याच सुमारास न्यूयॉर्कजवळच्या त्यांच्या उन्हाळी घरातून डोरोथीचे दागिने चोरीला गेले. ती तान्ह्या मुलीला घेऊन तिथेच होती. नवरा समुद्रापलीकडे, तिथे बाँब. आपण इथे, घरात चोर. प्रसिद्धीची किंमत म्हणतात ती अशी दोन्ही हातांनी वसूल होत असते.

डिसेंबरात त्याच्या बरगडीखाली दुखू लागले. डॉक्टरांनी तपासून सांगितले, फासळ्यांमधल्या नसेचे दुखणे आहे, काळजीचे कारण नाही. छातीला पट्टी बांधली. तारीख ११ डिसेंबर, ब्रुकलिनमध्ये दोनिझेत्तीचा 'लेलिसिर दामोरे' नावाचा विनोदी ऑपेरा. कारुसो त्यात भोळ्या खेडूत तरुणाचे काम करी. खेळाआधी कपडे करतानाच त्याच्या तोंडातून रक्त आले होते. तरी तो रंगभूमीवर गेला. गाता गाता तो पाठ फिरवी आणि रुमाल तोंडाला लावी. रुमाल लाल. विंगेतून, समूहगायकांच्या हातून दुसरा रुमाल येई, मग तिसरा. तो गातच होता. डोरोथी पहिल्या रांगेत बसली होती.

श्रोतेहो, या जागेवर मी दर वेळी थांबतो. पहिल्या रांगेतल्या त्या बाईने काय करायला हवे होते? उठून ओरडायला? पडदा पाडा म्हणायला? ती उठती तर त्याचे लक्ष तिच्याकडे गेले असते आणि तो गडबडला असता. ती बसून राहिली. त्याच्या गळ्यासाठी जे घर अडीच वर्षे दबक्या पावलांनी चालले, त्या घराची सवय तिथेही सुटली नाही. मी तिला दोष देत नाही. मी तिच्या जागी असतो, तर बसूनच राहिलो असतो, असे मला वाटते, आणि ते मला आवडत नाही. शेवटी पहिल्या अंकानंतर खेळ थांबवावा लागला.

एवढे होऊनही तो पुढच्या दोन आठवड्यांत आणखी तीनदा गायला. लोक वाट पाहत होते, तिकिटे गेली होती, आणि त्याला स्वतःलाही थांबणे माहीत नव्हते. २४ डिसेंबरला तो मेट्रोपोलिटनमध्ये गायला, ते शेवटचे. दुसऱ्या दिवशी, ऐन नाताळच्या सणात, वेदना असह्य झाल्या. दुखणे फुप्फुसाच्या आवरणाचे निघाले; तिथे पू धरला होता. एकामागून एक शस्त्रक्रिया झाल्या, फासळीचा तुकडा काढावा लागला. पेनिसिलिन सापडले १९२८ मध्ये, आणि औषध म्हणून हाती यायला १९४० नंतरचा काळ उजाडला. त्या वेळी चाकू आणि देवाचे नाव, एवढेच होते.

१९२१ च्या मे अखेरीस ती त्याला आणि मुलीला घेऊन बोटीने इटलीला निघाली. समुद्रकाठच्या सोरेंटो गावी ते राहिले. तिथली एक गोष्ट तिने लिहिली आहे. एक तरुण गायक कारुसोला आपले गाणे ऐकवायला आला. डोरोथी बाहेर होती. आतून एकाएकी नवऱ्याचा आवाज आला, पूर्वीसारखा भरघोस. ती धावत आत गेली. तो उभा होता आणि आनंदाने सांगत होता, की मला गाता येते आहे, आवाज गेलेला नाही! खरे तर दुखणे आतून वाढतच होते. रोमला शस्त्रक्रियेसाठी जायला ते निघाले, पण नेपल्सच्या पुढे जाता आले नाही. २ ऑगस्ट १९२१ रोजी सकाळी, ज्या शहरी तो जन्मला त्याच शहरातल्या एका हॉटेलात, त्याने प्राण सोडला. वय अठ्ठेचाळीस. लग्नाला तीन वर्षे व्हायला अठरा दिवस कमी होते. डोरोथी सत्तावीस वर्षांची, मूल दीड वर्षाचे.

१९५१ साली अमेरिकेत कारुसोवर एक चित्रपट निघाला, तिच्याच पुस्तकाच्या आधाराने. त्यात मारिओ लांझा या गायकाने कारुसोचे काम केले. चित्रपट खूप चालला, गाणीही छान आहेत. पण ते सात महिन्यांचे अंथरूण, त्या जखमा धुणे, ते चित्रपटात कुठून येणार?

डोरोथीने पुढे पुन्हा लग्ने केली, ती टिकली नाहीत. १९५५ साली ती वारली. त्याआधीची एक गोष्ट सांगायची राहिली. कारुसो गेल्यावर त्याचा देह मसाला घालून जपला होता आणि नेपल्सच्या दफनभूमीत काचेच्या पेटीत ठेवला होता. वर्षानुवर्षे माणसे येत, काचेतून त्याला बघत आणि जात. १९२९ मध्ये डोरोथीने ते बंद करविले आणि देह दगडी कबरीत कायमचा झाकून घेतला.

हे भाषण संपल्यावर केंद्रावरून कारुसोची १९०७ सालची एक तबकडी लावणार आहेत. लेओनकावाल्लोच्या 'पाल्याच्ची' ऑपेरातले ते विदूषकाचे गाणे आहे. बायको दुसऱ्याच्या नादी लागल्याचे त्याला नुकतेच कळले आहे, आणि लोकांना हसवायला त्याला तोंडाला रंग लावून उभे राहायचे आहे. तबकडी जुनी आहे. सुरुवातीला खरखर येईल. रेडिओ बिघडला असे समजून बंद करू नका.