प्रकाश साठविणारीं रत्नें

दिव्यावांचून उजेड देणाऱ्या रत्नाची कल्पना फार जुनी आहे. नागाच्या मस्तकावरील मणि, राजवाड्यांतील रत्नदीप, सूर्यकिरणांच्या स्पर्शानें अग्नि ओकणारा सूर्यकांत आणि चांदण्यांत पाझरणारा चंद्रकांत हे सारे भारतीय वाङ्मयांत पिढ्यान्‌पिढ्या नांदत आले आहेत. त्यांत प्रकाश येतो कोठून व जातो कोठें, असा हिशेब मात्र कवींना कोणी विचारला नाहीं.

हा हिशेब ब्रँडन सँडरसन ह्या अमेरिकन कादंबरीकारानें मांडला आहे. त्याच्या २०१० सालीं सुरू झालेल्या कादंबरीमालेंत रोशर नांवाचें एक कल्पित जग आहे. तेथें थोड्या थोड्या दिवसांनीं पूर्वेकडून प्रचंड वादळ येतें. त्या वेळीं रत्नें उघड्यावर ठेवलीं कीं, त्यांत एक अद्‌भुत प्रकाश भरतो. कांचेच्या गोटींत बसविलेलीं हीं रत्नें हेंच तेथील चलन आणि हेच तेथील दिवे. गोटी उजळलेली असली कीं आंतील रत्न खरें, अशी खात्री पटते. मोलाची रीतहि निराळी आहे. हिरा सर्वांत स्वस्त आणि पाचू सर्वांत महाग. कारण पाचूच्या साह्यानें धान्य निर्माण करतां येतें. साठलेला प्रकाश हळूहळू झिरपून जातो आणि गोटी विझते. जें रत्न पूर्णपणें निर्दोष असेल, त्यांतून मात्र प्रकाश गळत नाहीं.

ही सारी जादूच. पण जमाखर्चाची शिस्त असलेली जादू आहे. वादळानें दिलें तेवढेंच रत्नांत जमा होतें आणि खर्चिलें कीं संपतें. म्हणूनच तिच्या शेजारीं खऱ्या स्फटिकांची हकीकत ठेवून पाहण्यासारखी आहे.

सुमारें १६०३ सालीं इटलींतील बोलोन्या शहरीं व्हिन्चेन्झो काश्यारोलो नांवाचा एक चांभार राहत असे. त्याला किमयेचा नाद होता. जवळच्या पादेर्नो डोंगरावर सांपडलेला एक जड दगड सोनें मिळेल ह्या आशेनें त्यानें कोळशांत भाजला. सोनें मिळालें नाहीं. परंतु उन्हांत ठेवलेला तो दगड अंधारांत नेतांच निखाऱ्यासारखा चमकूं लागला. गॅलिलिओनें हे दगड रोमला नेऊन विद्वानांना दाखविले. पुढें फोर्तुनिओ लिचेती ह्या पंडितानें १६४० सालीं त्यांवर ग्रंथ लिहून, चंद्राचा मंद उजेडहि अशाच साठवणीचा असावा असें प्रतिपादिलें. गॅलिलिओला तें मान्य नव्हतें. अमावास्येच्या आसपास चंद्रकोरीबरोबर दिसणारा अंधुक भाग पृथ्वीवरून परावर्तित झालेल्या प्रकाशानें उजळतो, हें त्याचें म्हणणें बरोबर होतें. १६६३ सालीं इंग्लंडांत रॉबर्ट बॉइलनें एक हिरा अंथरुणांत अंगाशीं धरून पाहिला, तेव्हां शरीराच्या उबेनें तो मंदपणें प्रकाशला. उष्णता दिली म्हणजे साठा बाहेर पडतो, हें त्यावरून दिसून आलें.

ह्याचें कारण पुढें उलगडलें. प्रकाश जसाच्या तसा दगडांत कोंडला जात नाहीं. त्याच्या ऊर्जेनें स्फटिकांतील इलेक्ट्रॉन आपल्या जागेवरून उसळतात. पावसाचें पाणी गुळगुळीत फरशीवरून वाहून जातें. फरशींत खळगे असतील तर तेथें तें सांचून राहतें. स्फटिकाच्या रचनेंतील उणिवा आणि त्यांत मिसळलेले परके अणु हे असे खळगे होत. उसळलेले इलेक्ट्रॉन त्यांत अडकतात आणि उष्णतेचा धक्का बसला कीं सुटून प्रकाश देतात. खळगा उथळ असेल तर कांहीं मिनिटांत रिकामा होतो, खोल असेल तर लाखो वर्षें भरलेला राहतो. बोलोन्याच्या दगडांतला उजेड तांब्याच्या अंशांतून बाहेर पडत होता. १९९० नंतरच्या दशकांत जपानांत स्ट्रॉन्शियम अल्युमिनेटमध्यें युरोपियम व डिस्प्रोशियम ह्यांचा अंश घालून रात्रभर उजळणारें द्रव्य सिद्ध झालें. जिन्यांवरील आणि बाहेर पडण्याच्या वाटांवरील चमकत्या खुणांसाठीं आज तें वापरतात.

येथें कादंबरी आणि निसर्ग ह्यांचे मार्ग फुटतात. कादंबरींत निर्दोष रत्न प्रकाश राखतें. निसर्गांत दोषच त्याला थारा देतो.

ह्या दोषांचा मोठा उपयोग झाला तो इतिहासाला. वाळूंतील गारगोटीचे व फेल्डस्पारचे कण भोवतालच्या मातींतील किरणोत्सर्गानें सतत भरत असतात आणि ऊन लागलें कीं रिकामे होतात. वाळू गाडली गेली कीं हिशेब पुन्हां शून्यापासून सुरू होतो. अशा कणांवर प्रयोगशाळेंत प्रकाश टाकून साठा मोजावा आणि तो किती काळ सांचत होता हें काढावें, ही रीत १९८५ सालीं पुढें आली. चेन्नईजवळील अत्तिरम्पाक्कम हें प्राचीन स्थळ १८६३ पासून ठाऊक होतें. तेथील मध्य पुराश्मयुगीन हत्यारें ज्या थरांत सांपडलीं, त्यांचें वय ह्याच रीतीनें मोजलें गेलें. २०१८ सालीं प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षाप्रमाणें तें हत्यारतंत्र तेथें सुमारें ३,८५,००० वर्षांपूर्वीं सुरू झालें. त्यांत ६४,००० वर्षांचा इकडेतिकडे फरक संभवतो. तें सुमारें सव्वा लाख वर्षांपूर्वीं आफ्रिकेंतून आलेल्या माणसांनीं भारतांत आणलें, हें मत त्यामुळें पुन्हां तपासावें लागलें. हत्यारें घडविणाऱ्यांचीं हाडें तेथें मिळालेलीं नाहींत, त्यामुळें ते कोण होते हा प्रश्न उरतोच. पण त्यांचा काळ वाळूच्या कणांनीं जपून ठेवला.

ह्या साठ्याला मर्यादाहि आहे. तो खूण उजळण्यास व काळ मोजण्यास पुरतो, घर उजळण्यास पुरत नाहीं. स्फटिकांत शक्ति भरलेली आहे असें सांगून कोणी खडा विकूं लागला, तर सुज्ञ गृहस्थानें दोनच प्रश्न विचारावेत: ह्यांत ऊर्जा भरली कशानें, आणि बाहेर पडतांना ती मोजली कोणीं? कादंबरींतल्या कल्पित रत्नांपाशीं पहिल्या प्रश्नाचें उत्तर तरी आहे. पुष्कळ विक्रेत्यांपाशीं तेवढेंहि नसतें.