दाखल्यावरचे नाव



दहावीचा निकाल हाती आला की घरातील मंडळी प्रथम गुण पाहतात आणि लगेच टक्क्यांचा हिशेब मांडतात. त्याच कागदांवर छापलेले नाव, आईचे नाव व जन्मतारीख मात्र अक्षरन्‌अक्षर वाचून पाहणारा विरळाच. गुणांचे महत्त्व चार वर्षांत ओसरते; नावाची व तारखेची साक्ष जन्मभर काढावी लागते. म्हणून या दुर्लक्षित ओळींविषयी आज थोडे बोलावे असे योजिले आहे.

महाराष्ट्रातील वडीलधाऱ्या पिढीत १ जून रोजी जन्मलेल्यांची संख्या विलक्षण मोठी आढळते. हा काही ग्रहांचा योग नव्हे. जन्माची नोंद नसलेले मूल बापाने शाळेत आणून उभे केले की गुरुजी त्याची चण पाहून वर्ष ठरवीत आणि शाळेच्या हिशेबाला सोयीची म्हणून १ जून ही तारीख घालीत. लेखणीच्या त्या एका फटकाऱ्याने पुढे नोकरीतील निवृत्तीचा दिवसही ठरून जाई.

एकेकाळी मॅट्रिकची परीक्षा मुंबई विद्यापीठ घेत असे. १९४८ च्या कायद्याने ती स्वतंत्र मंडळाकडे गेली आणि १९६६ पासून राज्य मंडळ तिचा कारभार पाहते. कारभारी बदलले, तरी रीत बदलली नाही. मंडळ कोणाचे नाव स्वतः ठरवीत नाही. शाळेच्या जनरल रजिस्टरात जे असेल तेच तेथे उतरते. मूळ रजिस्टर चुकलेले असेल तर मंडळाच्या दारी कितीही खेटे घातले तरी व्यर्थ होत. उलट, रजिस्टर बरोबर असून प्रमाणपत्रावरच चूक झाली असेल, तर मुख्याध्यापकांमार्फत उताऱ्यासह अर्ज करता येतो.

रोह्याला लागून असलेल्या आमच्या वरसे गावच्या परिसरातील एका मुलीची हकीकत सांगतो. जन्मनोंदीत तिचे नाव एक होते आणि शाळेत घरगुती हाकेचे नाव लागले होते. दहा वर्षे कोणाचे काही अडले नाही. परिचारिकेच्या शिक्षणाला प्रवेश घेण्याची वेळ आली तेव्हा दोन कागदांवर दोन मुली उभ्या राहिल्या! बाप धाटावच्या कारखान्यात रोजावर. शाळा, शिक्षण खाते आणि वाशीचे विभागीय मंडळ अशा प्रत्येक फेरीला त्याचा एक रोज बुडे. दुरुस्ती अखेर झाली. पण प्रवेशाची मुदत टळून गेली होती आणि मुलीचे एक वर्ष वाया गेले.

माध्यमिक शाळा संहितेचा दंडक असा की, विद्यार्थी शाळेत असेतो सबळ पुरावा व सक्षम अधिकाऱ्याची मंजुरी यांच्या आधारे नोंद दुरुस्त होऊ शकते. शाळा सुटल्यावर मात्र उघड चुकीपलीकडे सहसा वाव नसतो. कोणी म्हणेल, हा नियम कठोर आहे. परंतु वय चोरून नोकरी लांबविणारेही जगात असतात, आणि २०१५ च्या बाल न्याय अधिनियमाने वयाच्या पुराव्यात शाळेच्या दाखल्याला व मॅट्रिकच्या प्रमाणपत्राला पहिला मान दिला आहे. असा कागद सहज बदलता येऊ लागला तर त्याची किंमत ती काय राहणार? त्याचबरोबर, केंद्रीय मंडळाच्या एका प्रकरणात ३ जून २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने नाव हा माणसाच्या ओळखीचा भाग मानला, हेही खरे. नियमाने खोट्याला अडवावे. प्रामाणिक मुलाची वाट अडवू नये.

यास्तव पालकांनी नववीतच जनरल रजिस्टरातील नोंद जन्मदाखल्याशी ताडून पाहावी. नावाची रोमन अक्षरेही सर्व कागदांवर एकसारखी आहेत ना, हे तपासावे. परीक्षेच्या अर्जानंतर पडताळणीची यादी आली की तिच्यावर सही करण्यापूर्वी ती मुलाकडून मोठ्याने वाचवून घ्यावी. शिक्षकबंधूंनीही हे काम कारकुनीचे म्हणून हिणवू नये. मुलाला आपण विद्या देतो. ती ज्या नावाने जगात ओळखली जाणार, ते नाव शुद्ध लिहून देणे हाही अध्यापनाचाच भाग आहे.