आहेराची वही



आहेर ही मूळची वाईट चाल नव्हे. लग्नाचा खर्च एका घरावर एकदम कोसळतो. तो भार सोयऱ्याधायऱ्यांनी थोडा थोडा उचलावा, यासाठी ती पडली. कोणी पायलीभर ज्वारी दिली, कोणी भांडे, कोणी रुपया. वहीत नाव चढले आणि त्याच्या घरचे कार्य निघताच तेवढेच परत गेले. ती एक भिशीच होती.

पण भिशीचा हप्ता ठरलेला असतो. आहेराचा मनातल्या मनात ठरतो, आणि रुसवा तेथेच उपजतो. यजमान आहेराच्या भरवशावर कर्ज काढतो. इकडे दुबार पेरणीने हात टेकलेला पाहुणा, रिकाम्या हाताने मांडवात कसे शिरावे, म्हणून घरीच राहतो. जिंतूरच्या मांडवातले टॉवेल-टोपी घडी न मोडता गंगाखेडच्या मांडवात पोहोचतात.

1961 च्या हुंडाबंदी कायद्याखालील 1985 च्या नियमांनी वधूवरांना मिळालेल्या भेटींची यादी, देणाराचे नाव व अंदाजे किंमत यांसह, ठेवण्यास सांगितले आहे. वही कायद्यालाही हवी आहे. पण ती वधूच्या हक्काची राखण म्हणून, पाहुण्याची पत मोजण्यासाठी नव्हे.

आम्ही एवढेच म्हणतो : आहेर शून्य धरून लग्नाचा हिशेब मांडावा आणि त्यात बसेल तेवढाच मांडव घालावा. पत्रिकेत 'आहेर आणू नये' असे छापले, तर आलेले पाकीट हात जोडून परत करावे. लाउडस्पीकरवरून आकडे पुकारणे तर आजच थांबवावे. मग जो येईल तो अक्षता टाकायला येईल, आणि दुष्काळातही येईल.