विनयधर उपाली आणि अजिंठ्याचे विहार

(शरद व्याख्यानमालेतील व्याख्यान, अजिंठा)

शिष्टाचार म्हणजे शिष्टांचा आचार, समाजात ज्यांना मान आहे अशा माणसांची वागण्याची रीत, असा या शब्दाचा सरळ अर्थ असल्यामुळे शिष्ट कोणाला म्हणावे आणि रीत ठरवण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न त्या शब्दातच दडलेला आहे. बहुतेक समाजांत हा अधिकार वरच्या थराकडे राहिला आणि खालच्या थराने ती रीत पाहून पाहून उचलली. विसाव्या शतकातल्या अमेरिकेत शिष्टाचाराचा प्रमाणग्रंथ मानले गेलेले पुस्तक १९२२ साली एमिली पोस्ट (१८७२–१९६०) यांनी लिहिले. वास्तुविशारद ब्रूस प्राइस यांची ही कन्या न्यूयॉर्कच्या धनिक वर्तुळात वाढलेली होती आणि त्या वर्तुळाबाहेरून नव्याने वर येऊ पाहणाऱ्या मध्यमवर्गाला मेजवानीत कसे बसावे, पत्र कसे लिहावे, शोकप्रसंगी कसे वागावे हे तिने समजावून सांगितले. शिष्टपणा कुळावर अवलंबून नसून दुसऱ्याचा विचार करण्यावर अवलंबून आहे, अशी तिची भूमिका होती. तरीही तिच्या ग्रंथातले ज्ञान वरून खाली उतरलेले होते. भारतातल्या शिष्टाचाराच्या सर्वांत जुन्या आणि दीर्घकाळ पाळल्या गेलेल्या संहितांपैकी एक मात्र परंपरेने ज्याच्या मुखाने जपली गेली, तो पुरुष बुद्धाच्या शाक्य कुळातल्या राजपुत्रांची हजामत करणारा न्हावी होता. त्याचे नाव उपाली, आणि त्याच्या विद्येचा ठसा अजिंठ्याच्या विहारांत आजही पाहता येतो.

त्या विद्येचे नाव विनय. आजच्या मराठीत विनय म्हणजे नम्रता, आणि कायद्याच्या भाषेतल्या ‘विनयभंग’ या शब्दात त्याचा अर्थ शील किंवा मर्यादा असा होतो. बौद्ध परिभाषेत मात्र विनय म्हणजे भिक्षू आणि भिक्षुणी यांच्या सामूहिक जीवनाची शिस्त, आणि त्या शिस्तीचे नियम, नियमांमागची प्रकरणे व निवाडे यांचा संग्रह म्हणजे विनयपिटक. त्यात संघातून कायमचे बाहेर काढणाऱ्या ‘पाराजिक’ अपराधांपासून केवळ सवय लावून घेण्याजोग्या ‘सेखिय’ नियमांपर्यंत अनेक पायऱ्या आहेत. सेखिय म्हणजे शिकण्याजोगे. पाली परंपरेत त्यांची संख्या ७५ असून अंगावरचे वस्त्र, चालणे, बसणे, जेवणे, बोलणे आणि मलमूत्रविसर्जन हे त्यांचे विषय आहेत.

उपालीच्या चरित्राचा मुख्य प्रसंग विनयपिटकाच्या चुल्लवग्गात आला आहे. भद्दिय, अनुरुद्ध, आनंद, भगू, किंबिल आणि देवदत्त हे सहा जण गृहत्याग करून बुद्धाकडे निघाले तेव्हा त्यांनी अंगावरचे दागिने उतरवून, उपरण्यात बांधून उपालीच्या हाती दिले आणि उपजीविकेपुरते हे पुष्कळ झाले असे सांगून त्याला परत पाठवले. वाटेत त्याच्या मनात आले की, शाक्य संतापी आहेत, राजपुत्रांना यानेच फूस लावली असे समजून ते आपला जीव घेतील. तेव्हा त्याने ते गाठोडे एका झाडाला टांगले, ज्याला दिसेल त्याने घ्यावे असे म्हणून तो माघारी फिरला आणि त्या सहांना जाऊन मिळाला. मल्लांच्या अनुपिय गावी बुद्धापुढे उभे राहिल्यावर राजपुत्रांनीच विनंती केली की, आम्ही शाक्य मानी आहोत आणि हा आमचा जुना सेवक आहे; याला आधी दीक्षा द्यावी, म्हणजे याला पाहून उठणे, हात जोडणे, वंदन करणे आम्हाला भाग पडेल आणि आमचा ताठा उतरेल. संघात ज्येष्ठता जन्मावरून, वयावरून किंवा विद्येवरून न मोजता दीक्षेच्या क्षणापासून मोजली जाते, या एका नियमाच्या आधारावर काही क्षणांच्या अंतराने न्हावी वडील झाला आणि राजपुत्र धाकटे झाले.

या प्रसंगाचे मोल कळण्यासाठी त्या काळी न्हाव्याच्या धंद्याला काय स्थान होते, ते ध्यानात घ्यावे लागते. विनयपिटकात अपमानकारक बोलण्यासंबंधीचा जो नियम आहे, त्याच्या विवरणात लोक ज्यांना हीन समजत अशा धंद्यांची यादी दिलेली असून तीत बुरूड, कुंभार, विणकर आणि चांभार यांच्याबरोबर न्हावीही आहे. ही यादी देण्याचा हेतू मात्र नेमका उलट आहे: जात, कूळ किंवा धंदा काढून दुसऱ्या भिक्षूला हिणवणे हा ‘पाचित्तिय’, म्हणजे कबुली देऊन ज्यातून मोकळे व्हावे लागते असा, अपराध ठरवला आहे. तोंडात घास असताना बोलणे हा किरकोळ दोष आणि धंद्यावरून टोचून बोलणे हा त्याहून भारी दोष, अशी ही उतरंड आहे.

पुढे विनय जाणणाऱ्यांत अग्रगण्य म्हणून बुद्धाने उपालीचा गौरव केला. त्याच्या निवाड्याची पद्धत निग्रोधमिग जातकाच्या प्रास्ताविक कथेत दिसते. एक भिक्षुणी गरोदर असल्याचे आढळताच देवदत्ताने तिला चौकशीविना संघाबाहेर काढण्याचा निर्णय दिला. प्रकरण बुद्धापुढे आल्यावर ते उपालीकडे सोपवण्यात आले. उपालीने स्वतः तर्क लढवत न बसता गृहस्थ स्त्रियांपैकी विशाखेला बोलावून घेतले, पडद्याआड त्या भिक्षुणीची तपासणी करून दिवस मोजायला सांगितले आणि गर्भ दीक्षेपूर्वीचा आहे असे सिद्ध झाल्यावर भर सभेत तिला निर्दोष ठरवले. ज्या विषयातले ज्ञान आपल्याला नाही तो विषय जाणकाराकडे द्यावा, आणि दोषमुक्ती आरोपाइतकीच जाहीरपणे व्हावी, ही दोन्ही तत्त्वे या निवाड्यात आहेत.

बुद्धाच्या परिनिर्वाणानंतर राजगृहाला ५०० भिक्षूंची पहिली संगीती, म्हणजे वचनांचे एकत्र पठण करून ती निश्चित करणारी सभा, भरली तेव्हा महाकस्सप या ज्येष्ठ भिक्षूने विनयासंबंधीचे प्रश्न उपालीला विचारले: कोणता नियम, कोठे घातला गेला, कोणावरून, कोणत्या गोष्टीसाठी. याच सभेत आनंदाने सांगितले की, संघाची इच्छा असल्यास बारीकसारीक नियम रद्द करण्याची मुभा बुद्धाने दिली होती. मग बारीकसारीक म्हणजे नेमके कोणते, यावर सभेत एकमत होईना आणि अखेर एकही नियम वगळू नये असे ठरले. जेवताना आवाज न करण्याचा नियम अडीच हजार वर्षे टिकला, तो या अनिर्णयामुळे.

त्या नियमांची बारकाई नमुन्यादाखल पाहण्याजोगी आहे. घास तोंडाशी येण्यापूर्वी तोंड उघडू नये, गाल फुगवून खाऊ नये, हात झटकू नये, दुसऱ्याच्या पात्रात खोड काढण्याच्या नजरेने डोकावू नये, जास्त मिळावे म्हणून कालवण भाताखाली झाकू नये, खरकट्या हाताने पाण्याचे भांडे धरू नये. खाण्याच्या आवाजांसाठी पालीत ‘चपुचपु’ आणि ‘सुरुसुरु’ असे अनुकरणवाचक शब्द आहेत. मराठीतले मचमच करणे आणि भुरके मारणे ते हेच. भुरके न मारण्याच्या नियमाचे निमित्त असे दिले आहे की, कोसंबीला एका ब्राह्मणाने संघाला दूध दिले आणि भिक्षू ते भुरके मारत पिऊ लागले, तेव्हा पूर्वाश्रमी नट असलेल्या एका भिक्षूने सगळ्या संघाला थंडी वाजत असावी, अशी थट्टा केली. प्रत्येक नियमामागे अशी एक हकिकत असते, आणि बहुतेक हकिकतींत दान देणाऱ्या गृहस्थांची नापसंती असते. दुसऱ्याच्या अन्नावर जगणाऱ्याने त्याच्या दारात कसे वागावे, हा या शिष्टाचाराचा गाभा आहे.

हा शिष्टाचार महाराष्ट्रात कसा आला, याचे उत्तर सिंहली परंपरा गुरुशिष्यांच्या नावांनी देते. उपाली, दासक, सोणक, सिग्गव आणि मोग्गलिपुत्त तिस्स अशी विनयाची पाच पिढ्यांची परंपरा महावंसात सांगितली आहे, आणि अशोकाच्या काळी पाटलिपुत्राच्या तिसऱ्या संगीतीनंतर याच मोग्गलिपुत्त तिस्साने महाधम्मरक्खित थेराला, म्हणजे ज्येष्ठ भिक्षूला, महारट्ठात धाडले, असे तोच ग्रंथ सांगतो. त्यानंतर शंभरेक वर्षांतच वाघूर नदीच्या वळणावरच्या कड्यात अजिंठ्याची पहिली लेणी कोरली जाऊ लागली.

त्या आरंभीच्या लेण्यांपैकी बारावा विहार या दृष्टीने बोलका आहे. दर्शनी भिंत कोसळून गेली असली तरी मधले चौकोनी दालन आणि तीन बाजूंच्या बारा खोल्या शाबूत असून खोलीत कातळातच कोरलेले दोन दगडी ओटे आहेत. एका अंधाऱ्या खोलीत दोघे आणि एकाच दालनात चोवीस जण वर्षावासाचे, म्हणजे पावसाळ्यात एका जागी राहण्याचे, महिने काढत असतील, तर तेथे शिष्टाचार ही निकडीची गरज होते. चुल्लवग्गातील ‘वत्त’, म्हणजे एकत्र राहण्याच्या रीती, अशाच जागेसाठी लिहिल्यासारख्या वाटतात. पाहुण्या भिक्षूने आवाराशी येताच वहाणा काढून, झटकून हाती घ्याव्यात आणि छत्री मिटावी. पिण्याचे पाणी कोणते व धुण्याचे कोणते ते विचारावे. एका हाताने पाणी ओतून दुसऱ्याने पाय धुवावेत, ओतणाऱ्याच हाताने चोळू नये. यजमानाची दीक्षेची वर्षे विचारून वडील असल्यास वंदन करावे. खोली मिळाल्यावर दार वाजवून क्षणभर थांबावे, कडी काढून बाहेरूनच आत पाहावे आणि मगच पाऊल टाकावे. अजिंठ्याच्या दुसऱ्या पर्वातल्या, म्हणजे वाकाटक राजा हरिषेणाच्या काळातल्या पाचव्या शतकातील विहारांत, खोल्यांच्या चौकटींवर लाकडी दाराचे खुंट फिरण्यासाठी कोरलेल्या खाचा दिसतात, आणि सतराव्या लेण्याच्या शिलालेखात पाण्याच्या टाक्याचा उल्लेख आहे. दार होते म्हणून ते वाजवण्याची रीत होती, आणि सामायिक पाणी होते म्हणून ते न विटाळण्याची.

शौचकूपाचा नियम तर ज्येष्ठतेलाच अपवाद आहे. आधी वडिलांनी जावे या रिवाजामुळे नवे भिक्षू ताटकळत राहून मूर्च्छित पडू लागले, तेव्हा जो आधी येईल त्याने आधी जावे असे ठरले. शिवाय बाहेरच्याने खोकावे आणि आत कोणी असल्यास त्यानेही खोकून उत्तर द्यावे, असे सांगितले गेले. देहाच्या गरजेपुढे मान थांबतो, हे या नियमात उघडपणे मान्य केलेले आहे.

सतराव्या लेण्याच्या ओसरीत डाव्या भिंतीवर भवचक्राचे, म्हणजे जन्ममरणाच्या फेऱ्याचे, चित्र आहे. मूलसर्वास्तिवाद नावाच्या बौद्ध पंथाच्या विनयात असे चक्र विहाराच्या प्रवेशभागी रंगवावे आणि येणाऱ्याजाणाऱ्याला ते समजावून सांगण्यासाठी एक भिक्षू नेमावा, अशी आज्ञा आहे. त्या भिंतीपुढे येणारे सार्थवाह, म्हणजे व्यापारी तांड्यांचे नायक, आणि शेतकरी यांना चित्रापुढे ताटकळत ठेवू नये, हादेखील पाहुणचाराचाच भाग म्हणता येईल.

या संहितेची मर्यादाही नोंदवली पाहिजे. ज्या ज्येष्ठतेच्या तत्त्वाने न्हाव्याला राजपुत्रांच्या वर बसवले, ते स्त्रियांपाशी येऊन थांबले. दीक्षेला शंभर वर्षे झालेल्या भिक्षुणीनेही त्याच दिवशी दीक्षा घेतलेल्या भिक्षूला वंदन करावे, असा नियम विनयात आहे. उपालीच्या दीक्षेने जे सिद्ध केले, ते संपूर्ण संघाने सर्वांना लागू केले नाही.

तरीही त्या प्रसंगाचे स्मरण या भूमीत नव्याने जागे झाले. कोणी कोणाला पाहून उठायचे, वहाणा कोणी हातात घ्यायच्या, पाण्याच्या भांड्याला कोणी शिवायचे, हे गावगाड्यात जातीवरून ठरत होते; म्हणजे तोही शिष्टाचारच होता, फक्त त्याचे माप जन्म हे होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या ‘पीपल्स एज्युकेशन सोसायटी’ने १९५० साली औरंगाबादला महाविद्यालय काढले, त्याला पुढे बौद्ध ग्रंथातल्या मिलिंद राजाचे नाव मिळाले, आणि १९५७ साली, त्यांच्या निधनानंतर, प्रसिद्ध झालेल्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात त्यांनी उपाली न्हाव्याच्या दीक्षेला स्वतंत्र स्थान दिले. उठणे, हात जोडणे, वहाणा काढणे या हालचाली दोन्ही व्यवस्थांत त्याच आहेत. उपालीच्या व्यवस्थेत त्या कोणासाठी करायच्या हे आधी कोण आला यावरून ठरते, आणि बाराव्या विहारातले दोन्ही दगडी ओटे एकाच कातळात कोरलेले आहेत.