मृगसाल

कल्पित राज्याची कथा रचणारा लेखक त्या राज्याला राजा देतो, नद्या देतो, आणि पुष्कळदां एक नवी कालगणनाही देतो. महिन्यांना नांवें ठेवणें सोपें. सारा कोणत्या दिवशीं द्यावयाचा, हें ठरविणें अवघड. दख्खनमध्यें हा उद्योग प्रत्यक्ष राज्यकर्त्यांनींच केला, आणि त्याचा पडताळा शिरूर व दौंड या तालुक्यांच्या शिवारांत पाहतां येतो.

सुलतानी अंमलाबरोबर इकडे हिजरी सन आला. त्याचें वर्ष शुद्ध चांद्र, सुमारें ३५४ दिवसांचें. त्यांत अधिक मास नाहीं; म्हणून तें दरवर्षीं अकरा दिवसांनीं मागें सरकतें आणि तेहतीस वर्षांच्या सुमारास सगळ्या ऋतूंतून फिरून येतें. धर्मकृत्यांस यांत कांहींच अडचण नाहीं. परंतु भीमेच्या आणि घोडनदीच्या कांठचा कुणबी बाजरी मृगाच्या पावसावर पेरतो व शाळू उत्तरा-हस्तावर. त्याचा हप्ता हिजरी महिन्यावर बांधला, तर थोड्याच वर्षांत तो दाणे खळ्यावर येण्यापूर्वींच दारांत उभा राहावयाचा. शिवाय तेहतीस पिकांवर चौतीस वर्षांचा सारा मागितला जावयाचा, तो वेगळाच!

या पेचांतून शुहूर सन निघाला. इ. स. १३४४ मध्यें, महंमद तुघलकाच्या कारकीर्दींत, हिजरी ७४५ चालू होता. शुहूर सनानें तोच आंकडा उचलला, वर्ष मात्र सौर केलें, आणि त्याचा आरंभ सूर्याच्या मृग नक्षत्रांतील प्रवेशाशीं जोडला. म्हणून त्याला मृगसाल असेंही म्हणत. पुढें शहाजहानच्या अमदानींत, १६३६ मध्यें, दख्खनेंत फसली सन सुरू झाला, तेव्हां हिजरी १०४६ वर पोंचला होता. शुहूर मात्र १०३७ वरच होता. मधल्या २९२ सौर वर्षांत चांद्र वर्षें ३०१ भरलीं होतीं. फसलीही सौरच असल्यामुळें दोन सनांतील नऊ वर्षांचें हें अंतर कायम राहिलें. हे नऊ म्हणजे केवळ पंचांगकर्त्यांची गंमत नव्हे. हिजरीनेंच वसुली चालली असती, तर रयतेवर जे नऊ सारे जादा चढते, तेच हे.

मराठी दफ्तरानें शुहूर सन इतका आपलासा केला कीं, कारकून वर्षाचे आंकडे अरबी शब्दांतच लिहूं लागले: इहिदे, इसन्ने, सलास, आर्बा. महिना व तारीख मात्र मुसलमानी चांद्र गणनेचीच राहिली. त्यामुळें एकाच सनांत अकराएक तारखा दोनदां येत. इतिहाससंशोधकांस या तारखांनीं बराच घाम फोडला आहे.

१६७४ मध्यें रायगडावर ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस शिवाजी महाराजांनीं राज्याभिषेक करवून घेतला आणि आपला शक सुरू केला. परक्या सनांच्या गर्दींत स्वराज्याचा स्वतःचा पहिला आंकडा उभा राहणें ही लहान गोष्ट नव्हती. तरी गांवच्या जमाबंदींत शुहूर चालूच राहिला. शिरूर तालुक्यांतील कोरेगांव भीमा येथें १ जानेवारी १८१८ रोजीं लढाई झाली, तो दिवस शालिवाहन शके १७३९ मधला, राज्याभिषेक शके १४४ मधला, फसली १२२७ मधला आणि शुहूर समान अशर मयातैन व अलफ, म्हणजे १२१८ मधलाही होता. एका दिवसावर चार राजवटींची मोहोर!

नवे शक काढण्याची हौस पुढेंही सरली नाहीं. भारत सरकारनें २२ मार्च १९५७ पासून, १ चैत्र १८७९ धरून, राष्ट्रीय सौर दिनदर्शिका सुरू केली. तिची मांडणी निर्दोष आहे; पण तिच्यावर कोणी पेरणी करीत नाहीं. तलाठ्याचें महसुली वर्ष १ ऑगस्टला लागतें. कालव्याखालचा आडसाली उंस तर सोळा-अठरा महिने शेतांत उभा असतो. तो कोणत्याच वर्षांत मावत नाहीं.

जिराइतीचें गणित अजून आभाळाकडेच आहे. ७ किंवा ८ जूनला मृग लागतो, पंचांगांत त्याचें वाहन पाहिलें जातें. पण हा मुलूख पर्जन्यछायेंतला. पुष्कळदां घाटमाथ्याच्या पावसानें दौंडापाशीं भीमा दुथडी भरून वाहते आणि कांठापासून कोसभर दूरचें रान कोरडेंच राहतें. अशा सालीं बाजरीचें बियाणें कणगींतच पडून असतें, आणि शेतकरी शाळवासाठीं उत्तरा लागण्याची वाट पाहत बसतो.