सोडून देण्याची व्यूहरचना

स्पर्धा म्हटली की आपल्या डोळ्यांपुढं शर्यत येते. वाट एकच, पुढं कोण जातो एवढाच प्रश्न. हार्वर्ड बिझनेस स्कूलचे प्राध्यापक मायकेल पोर्टर यांनी धंद्यापुरतं हे चित्र मोडीत काढलं. सगळे एकाच वाटेनं धावू लागले की भाव पडतात आणि कुणाच्याच हाती काही उरत नाही, असं ते बजावतात.

मी बी.ए. झालेला, कविता लिहिणारा माणूस. त्यांचं १९८५ सालचं 'कॉम्पिटिटिव्ह ॲडव्हांटेज' मला रुक्ष वाटलं. पण व्यूहरचना म्हणजे काय, हे विचारणारा त्यांचा १९९६ सालचा लेख मी दोनदा वाचला. त्यात अमेरिकेतल्या साउथवेस्ट या विमान कंपनीची गोष्ट आहे. ही कंपनी जेवण देत नसे, आसन नेमून देत नसे, विमानं बोइंग ७३७ याच जातीची ठेवी. म्हणून उतरलेलं विमान लवकर पुन्हा उडे; फेऱ्या जास्त, भाडं कमी. कॉन्टिनेंटल कंपनीनं 'लाइट' नावानं नक्कल केली, पण बाकीच्या मार्गांवरचा जुना थाट तिला सोडवेना. तोटा सोसून 'लाइट' गुंडाळावं लागलं. काय करायचं नाही हे ठरवण्यात सरशी असते, हा पोर्टर यांचा मुद्दा. गझलेत रदीफ एकदा धरली की किती देखण्या ओळींवर पाणी सोडावं लागतं, ते मला ठाऊक आहे!

पुढं साउथवेस्टलाही हा नकार पेलवला नाही. गुंतवणूकदारांचा तगादा वाढला. २०२५च्या मे महिन्यापासून ती बॅगांचे पैसे घेऊ लागली. २०२६च्या जानेवारीपासून आसनंही नेमून देऊ लागली.

हे वाचताना मला माझे मामा आठवत होते. मालेगावात त्यांचे चार यंत्रमाग. सूत व्यापारी देणार, कापड तोच नेणार, मजुरीही तोच ठरवणार. शेजारी कुणीही उसनवारी करून जुने माग मांडावेत. पोर्टर यांनी १९७९ साली पाच शक्ती सांगितल्या: पुरवठादार, गिऱ्हाईक, नव्यानं धंद्यात येणारे, पर्यायी माल आणि आपसातली चुरस. त्यातल्या चार तरी मामांच्या दारात ठाण मांडून होत्या. नातलग म्हणत, याला धंदा जमत नाही. पोर्टर वाचल्यावर मला मामांची बाजू घेता आली. पहाटेपासून खडखडाट करूनही पैसा का टिकत नव्हता, याचं कारण त्या माणसाच्या बाहेर होतं.

पण मग त्यांनी सोडायचं काय? सगळ्यांसारखं कोरं कापड विणणं थांबवून वेगळं काही विणावं, तर तो माल खपेपर्यंत घरात चूल कशावर पेटवायची? चार मागांच्या मालकासाठी याचं उत्तर मी पोर्टर यांच्या लिखाणात शोधलं. मला ते सापडलं नाही.