गाभुळी चिंच आणि आपली भाषा

श्रोतेहो, आज मी आपल्याशी एका विशेषणाविषयी बोलणार आहे. विशेषण म्हटले की शाळेतल्या व्याकरणाच्या तासाची आठवण होऊन काही मंडळी रेडिओ बंद करायला उठतील. त्यांना माझी विनंती आहे की, दोन मिनिटे थांबा. हे विशेषण व्याकरणाच्या पुस्तकातले नाही, चिंचेच्या झाडावरचे आहे. शब्द आहे 'गाभुळा'. गाभुळी चिंच, गाभुळे बोटुक. बोलताना आपण बहुधा 'गाभुळलेली चिंच' म्हणतो, किंवा नुसते 'चिंच गाभुळली' एवढे म्हटले तरी पोरे दगड घेऊन झाडाकडे धावतात.

या शब्दाची गंमत अशी की त्याचे राज्य फार लहान आहे. आंबा गाभुळत नाही, पेरू गाभुळत नाही, गहू तर नाहीच नाही. एक झाड, त्याचे एक फळ आणि वर्षातले थोडे दिवस, एवढाच त्याचा प्रांत. पण त्या प्रांतात त्याच्याइतका नेमका शब्द दुसरा नाही.

नेमका म्हणजे कसा, ते पाहू. चिंचेला फूल येते ते पावसाळ्याच्या तोंडाशी. दिवाळीच्या सुमारास हिरवे आकडे लोंबू लागतात. त्या वेळी साल, गर आणि बी सगळे एकजीव असते. चावले तर दात आंबतात आणि सालीसकट तोंडात येते. पुढे फाल्गुन-चैत्रात चिंच पिकते. साल ठिसूळ होते, गर तांबूस-काळसर होऊन आत आकसतो आणि आकडा हलवला तर वाजतो. या दोहोंच्या मध्ये, पौष-माघाच्या थंडीत, एक अवस्था येते. वरून साल अजून धडधाकट असते, पण आत गराने आपला वेगळा संसार थाटलेला असतो. साल त्याच्यापासून सुटू लागलेली असते. गर धड हिरवा नाही, धड तांबडा नाही. चव आंबट आहे, पण तिच्यामागून गोडी येते. ही गाभुळी चिंच.

शास्त्र यात एक गोष्ट सांगते. बहुतेक फळे पिकताना त्यांतली साखर वाढते आणि आंबटपणा कमी होतो. चिंचेत साखर वाढते, पण आंबटपणा देणारे टार्टारिक आम्ल फारसे कमी होत नाही. म्हणून पुरती पिकलेली चिंचसुद्धा आंबटगोडच राहते. तेव्हा 'कच्ची म्हणजे आंबट आणि पिकली म्हणजे गोड' हे माप चिंचेला लागूच पडत नाही. तिचे पिकणे ओळखायचे ते गर सालीपासून किती सुटला यावरून. आणि आपला शब्द तेच सांगतो. गाभुळणे म्हणजे आत गाभा तयार होणे.

या शब्दाचे नाते उघडच 'गाभा' या शब्दाशी दिसते, आणि गाभा आला संस्कृत 'गर्भ' या शब्दातून. सर्पाचा साप झाला, चर्माचे चाम झाले, तसा गर्भाचा गाभ झाला. गर्भिणी गाय ती गाभण. देवळातले गर्भागार तो गाभारा. म्हणजे गोठ्यातली गाय, देवळातला देव आणि झाडावरची चिंच या तिघांना आपल्या भाषेने एकाच धाग्यात ओवले आहे. बाहेरून काही दिसत नाही, पण आत काही भरते आहे, हा तो धागा. हातावरून हाताळणे हे क्रियापद झाले, तसे गाभ्यावरून गाभुळणे.

आता मला माझा एक अपराध सांगितला पाहिजे. वीसेक वर्षांपूर्वी, महाविद्यालयात येण्याआधी, मी आपल्याच जिल्ह्यातल्या एका खेड्यातल्या शाळेत मराठी शिकवीत होतो. सातवीच्या मुलांना 'माझे आवडते झाड' हा निबंध दिला होता. बहुतेकांनी वड आणि आंबा लिहिला, कारण मार्गदर्शिकेत तेच होते. एका मुलाने मात्र चिंच लिहिली. त्यात वाक्य होते, 'माघात चिंच गाभुळी होते तेव्हा माकडं आमच्या आधी येतात.' मी त्या 'गाभुळी'खाली लाल रेघ ओढली, समासात 'अर्धपक्व' असे लिहिले आणि 'भाषा अशुद्ध' म्हणून दोन गुण कापले. एम.ए.ची पदवी नवी होती. शुद्ध भाषेची सगळी जबाबदारी माझ्याच खांद्यावर आहे असे मला वाटत होते.

मुलगा हुशार होता, त्याने धडा घेतला. पुढच्या निबंधात शेत आले. त्यात ज्वारी अर्धपक्व होती, आंबा अर्धपक्व होता, सीताफळही अर्धपक्व होते. भाषा शुद्ध झाली, पण माकडे नाहीशी झाली! पूर्वी तो झाडाकडे पाहून लिहीत होता, आता माझ्या लाल रेघेकडे पाहून लिहू लागला.

त्या सुट्टीत मी घरी बोरीला आलो. परभणीहून जिंतूरकडे जाताना लागणारे बोरी ते आमचे गाव. रात्री जेवताना मी ही हकीकत मोठ्या ऐटीत आजीला सांगितली. ती भाकरी थापता थापता थांबली आणि म्हणाली, "अर्धपक्व म्हंजे कोनतं रे लेकरा? आंबा असंल तर पाडाला आलाय म्हनावं. जवारी असंल तर हुरड्याला आली म्हनावं. चिंच असंल तर गाभुळली. तुझं ते अर्धपक्व खायाचं का टाकायाचं?"

श्रोतेहो, या प्रश्नाला माझ्याजवळ उत्तर नव्हते. आजही नाही.

आजीने सहज म्हणून जे तीन शब्द सांगितले, ते तीन वेगवेगळ्या गोष्टी पाहतात. पाडाला आलेला आंबा म्हणजे झाडावर पिकायला लागलेला, उतरवून अढी घालण्याजोगा. हुरड्याला आलेली ज्वारी म्हणजे दाण्यातला चीक आळून दाणा भरलेला, पण अजून मऊ असलेला. ज्वारीचे तर प्रत्येक पायरीला नाव आहे. ती आधी पोटरीत येते, मग निसवते, मग फुलोरा, मग दाणा चिकात येतो, मग हुरडा. पोटरी म्हणजे कणीस अजून पानाच्या वेष्टनात आहे, ते वेष्टन फुगले आहे. या अवस्थेला शेतीशास्त्राच्या इंग्रजी पुस्तकांत 'बूट' असे म्हणतात. त्यांना तेथे बूट दिसला, आपल्याला पोटरी दिसली. पायाशी नाते दोघांनीही जोडले! पण इंग्रजी पुस्तकातला बूट परीक्षेला चालतो आणि आपली पोटरी गावंढळ ठरते, हे मात्र नवल आहे.

'अर्धपक्व' हा शब्द वाईट आहे असे मला म्हणायचे नाही. सगळ्या फळांविषयी एकदम बोलायचे असेल तर तो उपयोगाचा आहे. पण तो किती पिकले एवढेच सांगतो. काय झाले ते सांगत नाही. 'गाभुळी' काय झाले ते सांगते. पहिला शब्द तराजूचा आहे, दुसरा डोळ्याचा आहे. मुलाला दोन्ही यावेत. एक देताना दुसरा हिसकावून घेऊ नये. मी तो हिसकावून घेतला होता.

आणि अशुद्ध तरी कशाला म्हणायचे? आमच्या गावाचेच नाव घ्या. बोरी म्हणजे बोराचे झाड. संस्कृतात बोराला बदर म्हणतात. बाराव्या शतकात हेमचंद्राचार्यांनी प्राकृताचे व्याकरण लिहिले. त्यात त्यांनी एक सूत्रच दिले आहे की, बदराचे बोर होते आणि पूगफलाचे पोप्फल होते. तेच पोप्फल आज कोकणात पोफळ म्हणून उभे आहे. म्हणजे एवढ्या मोठ्या पंडिताने 'बोर' हा शब्द अशुद्ध म्हणून खोडला नाही, त्याचा नियम शोधला. मी 'गाभुळी' खोडली. माझा हिशेब खरा धरला तर आमच्या गावाच्या पाटीवरही लाल रेघ ओढावी लागेल!

शास्त्रातली विशेषणे नेहमी बिनचूक असतात, असेही नाही. स्वीडनच्या लिनेअस या थोर वनस्पतिशास्त्रज्ञाने १७५३ साली चिंचेला शास्त्रीय नाव दिले, 'टॅमरिंडस इंडिका'. यातला 'टॅमरिंडस' आला अरबी 'तमर हिंदी'वरून, म्हणजे हिंदुस्थानचा खजूर. आणि 'इंडिका' हे विशेषण, म्हणजे हिंदुस्थानचा. एका नावात दोनदा हिंदुस्थान. प्रत्यक्षात चिंचेचे मूळ घर उष्ण कटिबंधातली आफ्रिका आहे, असे आज वनस्पतिशास्त्रज्ञ मानतात. चिंच आपल्याकडे फार प्राचीन काळी आली आणि आपलीच होऊन गेली. लिनेअसचा मोठेपणा यामुळे कमी होत नाही. त्याने झाडापानांच्या वर्णनासाठी नेमके शब्द ठरवून दिले म्हणून तर शास्त्र पुढे गेले. मला सांगायचे ते एवढेच की, पंडिताने लॅटिनमध्ये दिलेले विशेषण चुकू शकते आणि झाडाखालच्या म्हातारीने दिलेले बरोबर असू शकते. शब्द कोणी दिला यापेक्षा त्याने काय पाहून दिला, हे पाहावे.

कोणी म्हणेल, ठीक आहे, पण एवढ्याशा शब्दावाचून कोणाचे काय अडते? अडते. आपल्या भागात चिंचेचे झाड गुत्त्याने देतात. माल झाडावर असतानाच मालक आणि व्यापारी यांचा भाव ठरतो. पिकलेली चिंच सुकते, फोडून वर्षभर टिकते. गाभुळ्या चिंचेत ओल असते, ती साठवणीला उपयोगी नाही. घाईने झाड झोडपले तर माल खराब होतो आणि मग दोष कोणाचा यावर वाद होतो. तो माल फोडण्याच्या मजुरीवर कितीतरी घरांतल्या बायाबापड्यांचा उन्हाळा निघतो, त्यांचीही मजुरी बुडते.

काही वर्षांपूर्वी बोरीत चहाच्या हॉटेलात बसलो असताना शेजारच्या बाकावर असा एक सौदा चालला होता. एक तरुण शेतकरी वहीच्या कागदावर चिठ्ठी लिहीत होता. वर पाहून तो हसला आणि म्हणाला, "सर, वळखलं का?" तोच विद्यार्थी. मी चिठ्ठी वाचायला मागितली. त्यात शेवटची अट होती, 'चिंच पिकल्यावरच उतरायची. गाभुळी झोडपली तर नुकसान घेणाऱ्याचे.' मी म्हणालो, "अर्धपक्व लिहिले नाहीस?" तो म्हणाला, "सर, त्यानं भांडण लागलं असतं."

दोन गुण मी त्याला त्या दिवशी तोंडी परत केले. ते कोणत्याही गुणपत्रकात जाणार नाहीत.

मराठीला २०२४ साली अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. ही आनंदाची गोष्ट आहे. जुन्या ग्रंथांनी तो मिळवून दिला. पण भाषा जिवंत राहते ती ग्रंथांबरोबरच शेतात, बाजारात आणि चुलीपाशी. रस्ते रुंद झाले तशी रस्त्याकडेची कितीतरी जुनी चिंचेची झाडे गेली. झाड गेले की त्याच्या शब्दाला काम उरत नाही. काम नसलेला शब्द फार दिवस जगत नाही. अलीकडे लेखक मंडळी 'गाभुळलेली संध्याकाळ' असे लिहितात, ते कानाला गोड लागते. पण ज्याने गाभुळी चिंच फोडून पाहिली नाही, त्याला त्या संध्याकाळी काय दिसणार?

म्हणून शिक्षक बंधुभगिनींना माझी एक सूचना आहे. तिला पैसा लागत नाही. वर्गात एक वही ठेवा. मुलांनी घरी आजी-आजोबांना, सालदाराला, बाजारातल्या माळणीला विचारावे आणि फळापिकांच्या अवस्थांचे शब्द लिहून आणावेत. शब्द कोणता, तो कशाला लावतात, कोणत्या महिन्यात लावतात, त्याच्या आधीचा शब्द कोणता आणि नंतरचा कोणता, एवढे लिहिले तरी पुरे. मग विज्ञानाच्या तासाला तीच वही उघडावी आणि ज्वारीचे कणीस किंवा चिंचेचा आकडा समोर ठेवून शब्द आणि वस्तू जुळतात का ते पाहावे. दाते-कर्वे यांनी १९३२ ते १९३८ या काळात महाराष्ट्र शब्दकोशाचे सात खंड काढले. कोशकार अर्थ एका ओळीत सांगतो, त्याला जागा थोडी असते. उरलेला अर्थ झाडाखाली असतो, तो तुमच्या मुलांनी आणावा.

आणि शेतकरी बंधूंनो, आपल्या मायमाउल्यांनो, तुम्हाला एवढेच सांगायचे आहे. शाळेतून आलेल्या नातवाने 'आजी, असं म्हणू नको, ते अशुद्ध आहे' असे म्हटले, तर गप्प बसू नका. त्याला झाडाखाली न्या. एक आकडा तोडून त्याच्या हातात द्या, साल काढायला सांगा आणि विचारा, "याला तुझ्या पुस्तकात काय म्हणतात?" पुस्तकात शब्द असेल तर तुम्ही शिका. नसेल तर तुमचा त्याला द्या.